माचू पिक्चूला कोण घेऊन जातं

नमस्कार मंडळी. मागे उभे आहात ते पुढे या, इथे सतरंजीवर बरीच जागा आहे.

पत्रिकेत आजचा विषय ‘माचू पिक्चूचं पाणी आणि पाया’ असा छापलाय आणि त्यावर मी बोलणारच आहे, पण त्याआधी एक गोष्ट मनापासून सांगायचीय, कारण ती सांगितल्याशिवाय ना पाणी कळत ना पाया. माचू पिक्चू, म्हणजे पेरू देशात अँडीजच्या डोंगरात इन्का लोकांनी बांधलेली दगडी वस्ती, ही एकट्याने जाऊन बघायची जागा नाही. तिथे कुणीतरी न्यावं लागतं. तिकडे चालत नेणाऱ्या जुन्या वाटेवर, इन्का ट्रेलवर, परवानाधारक गाइडशिवाय पाऊल टाकता येत नाही हा तिथला नियम आहे, पण नियम होण्याच्या कितीतरी आधीपासून हे असंच चालत आलंय, आणि ज्याला जग ‘शोध’ म्हणतं तोसुद्धा खरं म्हणजे एक छोटा गाइडेड ट्रेकच होता. हे जरा सविस्तर सांगणार आहे, आयोजकांनी घड्याळ माझ्यासमोरच ठेवलंय, बघू.

इथे बसलेल्यांना इन्का कोण, त्यांच्यावर चालून आलेला स्पॅनिश पिझारो कोण, १५३२ साली काहामार्कात काय झालं हे सांगत बसत नाही, गेल्या महिन्यातल्या व्याख्यानात ते छान झालंय. एवढंच लक्षात असू द्या की माचू पिक्चू पंधराव्या शतकातलं, पाचाकुती या सम्राटाच्या काळातलं. ती राजधानी नव्हती, राजधानी कुस्को. ही राजाची मुक्कामाची जागा, राजघराण्याची इस्टेट म्हणा. वर्षभर तिथे राहणारे तीनेकशे लोक असतील, राजा लवाजम्यासकट आला की हजारापर्यंत, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. जेमतेम शंभर-सव्वाशे वर्षं वापरात होती ती, मग स्पॅनिश आले, साम्राज्य कोसळलं आणि ती मागे पडली.

आता वाट. चार दिवसांचा क्लासिक इन्का ट्रेल आपल्या सगळ्या ट्रेकर मंडळींना ऐकून माहीत असतो. रेल्वेच्या किलोमीटर ८२ पासून सुरू होतो, साधारण ४२ किलोमीटर, मध्ये वार्मिवान्युस्काची खिंड आहे ४२१५ मीटरवर. भारी आहे, प्रश्नच नाही. पण मी आज बोलणार आहे ती दोन दिवसांची छोटी वाट, किलोमीटर १०४ पासूनची. एक दिवस चालायचं, संध्याकाळी खाली आग्वास कालिएंतेस गावात हॉटेलात झोपायचं, दुसऱ्या दिवशी बसने परत वर येऊन अवशेष नीट बघायचे. तंबू नाही, पोर्टर नाहीत, आपली छोटी सॅक आपल्याच पाठीवर. चालणं दहा-बारा किलोमीटर, पण चढ आहे आणि पायऱ्या आहेत, त्यामुळे सहा-सात तास धरून चला.

आणि या वाटेबद्दल माझी जी तक्रार आहे ती आत्ताच सांगून टाकते. आपल्याकडच्या एका टूरवाल्यांकडे मी चौकशी केली होती तेव्हा तिथल्या माणसाने मला समजावून सांगितलं की मॅडम, चालायचं कशाला, वर बस जाते, कुस्कोतून सकाळी निघून रात्री परत, एका दिवसात होतं, तोच फोटो मिळतो. तोच फोटो मिळतो! हे वाक्य मला फार लागलं. फोटो तोच मिळतो हे खरंय, पण त्या फोटोत माचू पिक्चूचा निम्म्याहून जास्त भाग येतच नाही, कारण तो जमिनीखाली आहे आणि उरलेला डोंगरातून येणाऱ्या वाटेवर पसरलाय. हे मी भावनेच्या भरात म्हणत नाहीये, याचे आकडे आहेत, ते पुढे देते.

चालू न शकणारे, वय झालेले, गुडघ्यांचा त्रास असलेले, त्यांनी बसनेच जावं, बस असणं ही चांगलीच गोष्ट आहे. पण ज्यांचे पाय धड आहेत, जे दर रविवारी राजगड-तोरणा करतात, त्यांना कुणी सांगतच नाही की छोटी वाट म्हणून काही आहे, हे मला खटकतं. लोकांना वाटतं एकतर चार दिवस नाहीतर बस. मधलं काही नाहीच!

तर ओयांतायतांबो गावाहून ट्रेन पकडायची. उरुबांबा नदी सोबत वळत राहते, खोरं अरुंद होत जातं, कोरडे डोंगर हिरवे व्हायला लागतात, आणि मध्येच कुठेतरी ट्रेन थांबते. स्टेशन नाही, प्लॅटफॉर्म नाही, रुळांशेजारी एक पाटी, किमी १०४. पटकन उतरायचं, ट्रेन लगेच निघते, आणि डब्यातले बाकीचे प्रवासी काचेतून आपल्याकडे बघत राहतात की हे लोक जंगलात का उतरले. मला तो क्षण फार आवडतो. मग झुलता पूल, पलीकडे चौकी, तिथे पासपोर्ट आणि परमिट ताडून बघतात. परमिटवरचं नाव आणि नंबर पासपोर्टशी तंतोतंत जुळलंच पाहिजे, त्यामुळे नवीन पासपोर्ट काढला असेल तर आधी एजन्सीला कळवा, हे लिहून घ्या.

आमची गाइड तिथल्याच खोऱ्यातल्या गावची. घरात केचुआ, कामावर स्पॅनिश आणि इंग्रजी. पूल ओलांडल्यावर तिने आम्हाला चालायलाच दिलं नाही. आधी सगळ्यांना चाचाबांबाला बसवलं. पुलापासून अगदी जवळ, साधारण २१५० मीटरवर, झाडीत लपलेली ही जागा आहे आणि बरेच ग्रुप तिथून घाईघाईत पुढे जातात, कारण वर काय आहे ते सगळ्यांना माहीत असतं. मधोमध एक मोठा नैसर्गिक खडक, त्याला धरून बांधकाम, आणि भोवती दगडी कुंडं. पोलिश आणि पेरूच्या अभ्यासकांनी तिथे चौदा कुंडं आणि त्यांना पाणी पुरवणारे पाट नीट तपासलेत. म्हणजे वाटेच्या तोंडाशीच पाणी. तिने आम्हाला तिथे बसवून एवढंच सांगितलं की आजचा दिवसभर पाणी कुठून येतंय आणि कुठे जातंय ते बघत चला, भिंती आपोआप दिसतील. मंडळी, मी इतकी वर्षं गड फिरतेय, गडावर पोचल्यावर टाकी कुठे आहे ते आपण सगळेच विचारतो, पण पाणी डोंगरातून *बाहेर* कसं काढलंय हे मला त्याआधी कधी कुणी बघायला लावलं नव्हतं.

मग चढ. उघडा डोंगरउतार, सावली कमी, डोक्यावर ऊन, खाली नदी बारीक होत जाते. उंची जास्त नाही, आणि हेच या वाटेचं मोठं सुख आहे, कारण कुस्को स्वतः ३४०० मीटरवर आहे आणि आपण चालतोय ते त्याच्यापेक्षा कितीतरी खाली, २१०० ते २७००च्या दरम्यान. त्यामुळे कुस्कोत दोन-तीन दिवस काढून आलात तर इथे श्वासाला अडचण येत नाही. कुस्कोत हॉटेलवाले कोकाच्या पानांचा चहा देतात, तो घ्या, पण पानं भारतात आणू नका. मागच्या वेळी कुणीतरी विचारलं होतं म्हणून सांगतेय. नाही म्हणजे नाही.

तीन-चार तास चढून विन्याय वायना येतं आणि तिथे मात्र सगळे गप्प होतात. साधारण २६५० मीटरवर, डोंगराच्या पोटातून वळत गेलेल्या शेतीच्या पायऱ्या, वर एक वस्ती, खाली एक वस्ती, दोघींच्या मध्ये उभा जिना आणि त्या जिन्याला लागून एकाखाली एक कुंडं. शेजारी धबधबा. १९४०-४१ साली पॉल फेयोश हे मूळचे हंगेरियन, आधी सिनेमे करणारे आणि मग मानववंशशास्त्राकडे वळलेले गृहस्थ इथे मोहीम घेऊन आले होते, जंगल साफ करून त्यांनी या वाटेवरच्या जागांची नोंद केली. नंतर पेरूचे थोर पुरातत्त्वज्ञ हुलिओ तेयो आले. माचू पिक्चूला एका सकाळी हजारो माणसं असतात, इथे आम्ही आणि अजून एक ग्रुप. छोट्या वाटेचं खरं दान हेच आहे, आणि चार दिवसांची वाटसुद्धा शेवटी याच जागेवरून जाते, म्हणजे त्या वाटेचा सगळ्यात देखणा टप्पा आपल्याला एका दिवसात मिळतो. हे मी वाद घालायला म्हणत नाहीये, कुणाला घालायचा असेल तर चहाच्या वेळी घालू.

आता ज्यासाठी मी आज उभी आहे तिकडे येते. बिंगहॅम हे नाव किती जणांनी ऐकलंय? हात वर करा. बरं, जवळजवळ सगळे. आता मेल्चोर आर्तेआगा? ... दोन हात. तुम्ही दोघं पुढे येऊन बसा, तुमचा मान आहे. आणि आगुस्तीन लिसारागा? ... कुणीच नाही. बघा.

तर १९११. हायरम बिंगहॅम, अमेरिकेत येल विद्यापीठात इतिहास शिकवणारा, पस्तिशीतला माणूस, शोधत होता विल्काबांबा, म्हणजे इन्कांनी स्पॅनिशांशी लढताना जंगलात थाटलेली शेवटची राजधानी. उरुबांबाच्या काठाने तो उतरत होता. ते जमलं का, तर त्याच्या थोडंच आधी सरकारने नदीकाठाने खेचरांची वाट फोडली होती म्हणून. त्याआधी तो घळीचा भाग टाळूनच लोक जायचे. मांदोर पाम्पा नावाच्या जागी त्यांनी तळ टाकला. तिथे जवळच मेल्चोर आर्तेआगा राहायचा, शेतकरी, वाटसरूंना दारू आणि जनावरांना चारा विकायचा. त्याला विचारलं की जवळपास जुने अवशेष आहेत का. तो म्हणाला आहेत, वर, डोंगरावर. त्याने काही शोधलं नाही की काही उकललं नाही, त्याला ते माहीतच होतं, आपल्याला आपल्या गावावरचा डोंगर माहीत असतो तसं.

२४ जुलैची सकाळ, थंडी आणि रिमझिम पाऊस. आर्तेआगाचीही निघायची इच्छा नव्हती. बिंगहॅमने एक सोल, म्हणजे तिथलं नाणं, देऊ केला, तिथल्या नेहमीच्या दिवसाच्या मजुरीच्या तीन-चार पट. बिंगहॅमच्या बरोबरच्या शास्त्रज्ञांनी सांगितलं की आम्ही येत नाही, एकाला फुलपाखरं पकडायची होती आणि दुसऱ्याला कपडे धुवायचे होते! हे त्याने स्वतःच लिहून ठेवलंय. म्हणजे जगातल्या सगळ्यात प्रसिद्ध ट्रेकला त्याचे दोन सहकारी घरगुती कामामुळे आले नाहीत. आपल्या ग्रुपमध्ये शनिवारी रात्री ‘उद्या जमत नाहीये रे’ असे मेसेज टाकणाऱ्या मंडळींनी हे ध्यानात ठेवावं.

तर गेले कोण, बिंगहॅम, सरकारने सोबत दिलेला सार्जंट कारास्को, आणि पुढे आर्तेआगा. म्हणजे एक प्रवासी, एक दुभाषा आणि एक वाटाड्या. आजच्या नियमात अगदी व्यवस्थित बसणारा ग्रुप. ओंडके बांधून केलेल्या पुलावरून खवळलेली नदी ओलांडली, बिंगहॅम चक्क रांगत गेला, बाकीचे दोघं सरळ चालत. मग उभा चढ, ओलं गवत, साप असतील ही भीती. दुपारी वर पोचले तर एक झोपडी. तिथे रिचार्ते आणि आल्वारेझ नावाची शेतकरी कुटुंबं राहत होती. कर नको, सैन्यातली सक्ती नको म्हणून वर येऊन राहिलेली, आणि इन्कांनी बांधलेल्या पायऱ्यांची शेतं साफ करून त्यात मका, बटाटा असं काय काय लावत होती. म्हणजे १९११ साली ती शेतं चालू होती! ‘हरवलेलं शहर’ म्हणतात ना त्याला, त्याच्या अंगणात लोक राहत होते, मुलं खेळत होती. त्यांनी पाहुण्यांना भोपळ्याच्या तुंब्यातून थंड पाणी दिलं आणि उकडलेली रताळी खायला दिली.

इथे एक मिनिट थांबते, कारण रताळी म्हटल्यावर पुढच्या रांगेतल्या काकूंच्या चेहऱ्यावर हसू आलंय. काकू, तुम्ही एकादशीला जे ताट वाढता ना, त्यात साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो कंद, बटाटा, रताळं, शेंगदाणा, राजगिरा, हिरवी मिरची, हे सगळं मुळात अमेरिका खंडातलं. बटाटा तर थेट अँडीजचा, याच डोंगरांतला. राजगिऱ्याचा सख्खा भाऊ तिकडे किविचा नावाने बाजारात मिळतो आणि त्याची लाही बघून माझे डोळे भरून आले. तिथल्या शेतकऱ्यांनी हजारो वर्षं राखून, निवडून, वाढवून ठेवलेल्या या पिकांवर आपला उपवास चालतो. त्यामुळे ‘तिकडे आपल्याला खायला काय मिळणार’ हा प्रश्न मला कुणी विचारू नका. शाकाहारी माणसाने त्या डोंगरांचे आभार मानायला पाहिजेत.

असो. तर जेवून खाऊन आर्तेआगा तिथेच थांबला, मित्रांशी गप्पा मारत, आणि बिंगहॅमला पुढे अवशेष दाखवायला दिला एक लहान मुलगा. त्या घरातलाच. त्याने हात धरून शेताच्या पायऱ्यांवरून, झाडीतून, वेलींमधून बिंगहॅमला नेलं आणि दाखवलं, हे बघा, ही गुहा, ही गोल भिंत, या खिडक्या. बिंगहॅमच्या पुस्तकांतून ते वर्णन जगभर गेलं. पण दाखवणारा कोण? एक पोरगा, ज्याची ती रोजची खेळायची जागा!

आणि त्या तीन खिडक्यांच्या मंदिरात भिंतीवर कोळशाने लिहिलेलं होतं: लिसारागा, १९०२. म्हणजे नऊ वर्षं आधी आगुस्तीन लिसारागा नावाचा तिथलाच एक शेतकरी येऊन नाव लिहून गेला होता. बिंगहॅमने तेव्हा आपल्या वहीत या माणसाला शोधाचं श्रेय लिहून ठेवलंसुद्धा. पुढे १९१३च्या एप्रिलमध्ये नॅशनल जिऑग्राफिकचा अख्खा अंक माचू पिक्चूवर निघाला, जगभर नाव झालं, आणि वर्षं जातील तसा लिसारागा त्या गोष्टीतून बारीक होत गेला, १९४८ सालच्या बिंगहॅमच्या गाजलेल्या पुस्तकात तर त्याला जागाच उरली नाही. भिंत साफ करताना ते नावही पुसलं गेलं. लिसारागा स्वतः १९१२ साली नदीत वाहून गेला, त्याला बोलायची वेळच आली नाही.

भिंतीवर नाव लिहिणं वाईटच, त्याबाबतीत माझं मत तुम्हाला माहितीये, गडावर कुणी नावं कोरताना दिसलं तर मी जागच्या जागी बोलते. पण या एका कोळशाच्या रेघेने इतिहासाला एक साक्षीदार दिला, हे मान्य करावंच लागतं.

बिंगहॅमचं काम मी कमी लेखत नाहीये. मोजमाप, नकाशे, फोटो, हे त्याने केलं आणि ते फार मोलाचं आहे. पण त्याने माचू पिक्चूलाच विल्काबांबा ठरवलं, आणि खरं विल्काबांबा, जंगलातलं एस्पिरितू पाम्पा, तिथेही तो त्याच वर्षी जाऊन आला होता, तिथले थोडे अवशेष बघून परतला. ते मोठं शहर आहे हे १९६४ साली जीन सॅव्हॉय तिथे गेला तेव्हा लोकांना पटायला लागलं. आणि माचू पिक्चूतून येलला गेलेल्या हजारो वस्तू, हाडं, भांडी, ती पेरूला परत मिळायला २०११-१२ उजाडलं. शंभर वर्षं! कुस्कोत कासा कोंचा म्हणून संग्रहालय आहे तिथे आता त्या बघायला मिळतात, वाट चालण्याच्या आदल्या दिवशी नक्की जा, कारण वर रिकाम्या खोल्या दिसतात आणि त्या खोल्यांत काय होतं ते खाली कुस्कोत आहे.

आपल्याकडच्या बारा किल्ल्यांना २०२५ साली युनेस्कोची मान्यता मिळाली, आपण सगळ्यांनी पेढे वाटले, मीही वाटले. त्या गडांच्या पायथ्याच्या गावातला जो माणूस आपल्याला पहाटे उठून चोरदरवाज्याची वाट दाखवतो त्याचं नाव आपल्या ट्रेकच्या वर्णनात येतं का हो? ‘एका गावकऱ्याने वाट दाखवली’ एवढंच येतं. नाव लिहा. त्याला विचारून लिहा. एवढं मागणं आहे माझं या ग्रुपकडे.

चिठ्ठी आलीय. दहा मिनिटं. अरे देवा. पाणी आणि पाया राहिलाच की! बरं, आता पटापट घेते, तिकडची चित्रं दाखवायचीच नाहीत, बंद करा तो प्रोजेक्टर, नुसतं ऐका.

पहिलं, पाऊस. माचू पिक्चूला वर्षाला सुमारे १९५० मिलिमीटर पाऊस पडतो. पुण्याच्या दुपटीहून खूप जास्त. आणि जागा कुठली, तर दोन शिखरांच्या मधली खिंड, दोन्ही बाजूंना कडे, खाली भेगाळलेला ग्रॅनाइट. अशा जागी शहर बांधलं तर दहा पावसाळ्यांत घसरून नदीत गेलं पाहिजे. पाचशेहून जास्त वर्षं झाली, उभं आहे.

केनेथ राइट हे अमेरिकेतल्या कोलोरॅडोचे पाण्याचे इंजिनिअर, त्यांनी पेरूचे पुरातत्त्वज्ञ आल्फ्रेडो वालेन्सिया सेगारा यांच्याबरोबर १९९०च्या दशकात हे सगळं मोजलं. त्यांचा अंदाज असा की इथल्या एकूण बांधकामाच्या कष्टांपैकी साठ टक्क्यांच्या आसपास जमिनीखाली आहेत. भराव, पाया आणि पाण्याचा निचरा. म्हणजे तो टूरवाला म्हणत होता ना तोच फोटो मिळतो, त्या फोटोत चाळीस टक्के आले.

शेताच्या पायऱ्या कशा आहेत बघा. दगडी भिंत, तिच्यामागे सगळ्यात खाली मोठे दगड, त्यावर खडी, त्यावर वाळूसारखा बारीक थर, आणि वर आणलेली सुपीक माती. पाऊस पडला की पाणी मातीत मुरतं, थराथरातून उतरतं, भिंतीवर दाब न आणता खाली निघून जातं. म्हणजे ती शेतंही आहेत आणि डोंगर धरून ठेवणाऱ्या भिंतीही. मधला मोठा चौक हिरवळ म्हणून सगळे फोटो काढतात, त्याच्याखाली दगड घडवताना उडालेल्या कपच्यांचा जाड थर आहे. वर घरं बांधताना जो कचरा निघाला तोच खाली निचऱ्याला वापरला. आणि भिंतींमधून पाणी बाहेर काढायची तोंडं, ती एकशे तीसच्या आसपास मोजली गेलीत.

दुसरं, पिण्याचं पाणी. डोंगराच्या उत्तर उतारावर झरा आहे. ऋतूप्रमाणे मिनिटाला साधारण २३ ते १२५ लिटर देतो, म्हणजे काही फार नाही. तिथून ७४९ मीटरचा दगडी पाट शहरात आणलाय, उतार इतका बेताचा की पाणी उसळतही नाही आणि साचतही नाही. शहरात आल्यावर ते पाणी एकाखाली एक अशा सोळा कारंज्यांमधून उतरतं. पहिलं कारंजं कुठे? राजाच्या घराशेजारी. सगळ्यात शुद्ध पाणी त्याला, मग खाली बाकीच्यांना. आणि राजाच्या घराची जागा, देवळांची जागा, हे सगळं या पाटाचा उतार आधी ठरवून मगच बसवलंय असं राइट यांचं म्हणणं, आणि तिथे उभं राहिल्यावर ते मला पटतं. पूर्वेच्या उतारावर जंगलात गाडली गेलेली कारंजी त्यांच्या टीमने साफ केली तर माती निघाल्यावर पाणी पुन्हा वाहायला लागलं. इतक्या शतकांनी! कुणी पंप लावला नाही, काही नाही.

तिसरं, आणि यासाठीच मी वाटेबद्दल एवढं बोलले. हे सगळं काही माचू पिक्चूपुरतं नाही. चाचाबांबाची कुंडं, विन्याय वायनाची कुंडं, तिथल्या वळणावळणाच्या पायऱ्या, मधली फरसबंद वाट, तिच्या कडेचे पाण्याचे पाट, ही एकच गोष्ट आहे. खापाक न्यान, म्हणजे इन्कांचं रस्त्यांचं जाळं, ३० हजार किलोमीटरहून मोठं, सहा देशांत पसरलेलं, २०१४ साली जागतिक वारशात आलं, त्याचाच हा एक तुकडा. चाक नाही, घोडा नाही, लोखंड नाही, माणूस आणि लामा, म्हणून रस्ता जिन्यासारखा चढतो. बसने आलात की हे सगळं वळणा-वळणांच्या रस्त्यावर काचेबाहेर राहतं. चालत आलात, आणि सोबत दाखवणारी असली, तर शेवटच्या त्या उभ्या पायऱ्या हात टेकत चढून इंती पुंकूला, सूर्यद्वाराला पोचता, साधारण २७२० मीटरवर, आणि खाली शहर दिसतं तेव्हा तुम्हाला आधी भिंती दिसत नाहीत. पाट कुठून आत येतो ते दिसतं. आम्हाला दिसला. तिने बोट दाखवायच्या आधी आमच्यातल्या दोघांनी दाखवला, आणि तिला झालेला आनंद मी विसरणार नाही.

२०१० च्या जानेवारीत तिथे भयंकर पाऊस झाला, नदीने रेल्वेमार्ग जागोजाग उखडला, हजारो पर्यटक खाली गावात अडकले, हेलिकॉप्टरने काढावे लागले. आत्ताची रेल्वे गेली वाहून. वरचं शहर जागेवर होतं.

पाच मिनिटं? दोन? बरं. कामाचं सांगते आणि थांबते. परमिट सरकार ठराविक संख्येनेच देतं आणि ते परवानाधारक एजन्सीमार्फतच मिळतं, तुम्ही स्वतः काढू शकत नाही, मे ते ऑगस्टसाठी काही महिने आधी करा. फेब्रुवारीत वाट पूर्ण बंद असते, दुरुस्तीसाठी, त्याच महिन्यात पाऊसही जोरात असतो. काठीला रबरी टोक लावलेलं हवं, उघडं लोखंडी टोक चालत नाही, त्या दगडांना ओरखडे पडतात. एकदा वापरून फेकायच्या प्लॅस्टिकच्या बाटल्या नेऊ देत नाहीत, आपली बाटली न्या, आणि चाचाबांबानंतर उन्हाचा चढ आहे त्यामुळे दोन लिटर तरी भरून घ्या. एजन्सीला विचारताना भाव विचारा, पण त्याच्या आधी हे विचारा की गाइड कुठल्या गावची आहे, तिला त्या दिवसाचे किती पैसे मिळतात, आणि एका गाइडमागे माणसं किती. उत्तर द्यायला अडखळले तर दुसरी एजन्सी बघा. पोचल्यावर तिला सांगा की आम्हाला घाई नाही, चाचाबांबाला बसायचंय.

खर्चाचे आणि व्हिसाचे प्रश्न बाहेर, चहा आलाय.